स्ट्रीमिंग व्हिडिओचा खरा फ्रेम रेट कसा शोधायचा? स्क्रीन रेकॉर्डिंगसाठी मदत हवी

दोरीवरची | सोमवार, रात्री ९:४०

नमस्कार मंडळी. मी मुलींना दोरीचा मल्लखांब शिकवते. प्रश्न तांत्रिक आहे, पण थोडी पार्श्वभूमी सांगते, म्हणजे मला नेमकं काय हवंय ते लक्षात येईल.

मागच्या महिन्यात जिल्हा स्पर्धेत माझी एक तेरा वर्षांची मुलगी दोरीवरून घसरली. खाली मॅट होती, लागलं नाही. पण तेव्हापासून तो प्रकार करायची वेळ आली की ती दोरीजवळ जाऊन नुसती उभी राहते. मला बघायचंय ते एवढंच: उलटी जाताना उजवा हात दोरी सोडतो तो क्षण आणि पायाच्या अंगठ्याची पकड बसते तो क्षण, या दोन्हींच्या मधे किती वेळ जातो. तिच्या आधीच्या मुलीने तोच प्रकार स्वच्छ केला होता. दोघींचं शेजारी शेजारी लावून दाखवलं तर तिला स्वतःच्या डोळ्यांनी कळेल की चूक छोटी आहे आणि दुरुस्त होण्यासारखी आहे.

आयोजकांनी स्पर्धा यूट्यूबवर लाइव्ह दाखवली होती. मूळ चित्रीकरण मागितलं तर कॅमेऱ्याचं कार्ड पुसलं गेलंय. ज्या मुलाच्या खात्यावरून लाइव्ह केलं तो आता नोकरीसाठी बाहेरगावी आहे. आयोजकांनी आणि त्या मुलाने स्क्रीन रेकॉर्ड करायला व्हॉट्सॲपवर लेखी परवानगी दिली आहे.

मी लॅपटॉपवर ओबीएस (स्क्रीन रेकॉर्ड करायचं सॉफ्टवेअर) घेतलं, सेकंदाला ३० फ्रेमवर ठेवलं आणि रेकॉर्ड केलं. हात सुटल्यापासून पकड बसेपर्यंत ७ फ्रेम मोजल्या. खात्रीसाठी परत रेकॉर्ड केलं तर ५. तिसऱ्यांदा ६. तोच व्हिडिओ, तीच मुलगी! मधेच एखादी फ्रेम जागच्या जागी थांबल्यासारखी वाटते, मधेच हात एकदम पुढे गेलेला दिसतो.

मूळ व्हिडिओ किती फ्रेमचा आहे हे कसं ओळखायचं? आणि ओबीएसमधे काय ठेवायचं?

खडूफळा | सोमवार, रात्री १०:०५

ताई, पहिली पायरी सोपी आहे. कॉम्प्युटरवर यूट्यूब उघडा, व्हिडिओवर उजवं क्लिक करा, यादीत सगळ्यात खाली 'स्टॅट्स फॉर नर्ड्स' दिसेल. ते दाबलं की कोपऱ्यात काळी चौकट येते. त्यात 'करंट / ऑप्टिमल रेस' या ओळीत १९२०×१०८०@३० असं काहीतरी असेल. @ च्या पुढचा आकडा म्हणजे फ्रेम रेट.

क्वालिटी मात्र आधी हाताने १०८० वर करा. ६० फ्रेमचा व्हिडिओ असेल तर यादीत ७२०पी६०, १०८०पी६० असं लिहिलेलं असतं. तोच व्हिडिओ ४८० वर नेलात की ३० च फ्रेम मिळतात. नेट हळू असेल आणि क्वालिटी ऑटोवर असेल तर तुम्हाला न कळता निम्म्या फ्रेम गेलेल्या असतात.

दोरीवरची | सोमवार, रात्री १०:२२

बघितलं. १०८० वर @३० दाखवतंय. म्हणजे मी ठेवलेलं ३० बरोबरच होतं की! मग मोजणी का बदलते?

पडद्यामागचा | सोमवार, रात्री ११:१०

ताई, मी कबड्डीचे सामने, भजन स्पर्धा, लग्नं लाइव्ह करतो, त्यामुळे दुसऱ्या टोकाकडून सांगतो.

ते @३० म्हणजे यूट्यूबकडे ज्या दराने चित्र पोचलं तो दर. कॅमेऱ्याने तेवढ्याच फ्रेम घेतल्या असतील असं नाही. आपल्याकडच्या बहुतेक व्हिडिओवाल्यांचे कॅमेरे पाल (PAL) या टीव्हीच्या पद्धतीवर असतात, म्हणजे सेकंदाला २५ किंवा ५० फ्रेम. याचं कारण दिव्यांत आहे. आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे हॉलमधल्या ट्यूबा आणि स्वस्तातले एलईडी सेकंदाला १०० वेळा कमीजास्त होतात. ३० फ्रेम आणि १/६० शटरवर शूट केलं की चित्रात पट्टे फिरतात नाहीतर उजेड धडधडतो. २५ फ्रेम आणि १/५० शटर ठेवलं की चित्र शांत. टीव्हीचंही तेच: १९८२ साली दिल्लीच्या एशियाडच्या वेळी दूरदर्शन रंगीत झालं ते २५ फ्रेमच्या पालवरच. आमच्या धंद्यात ती सवय अजून आहे.

कॅमेऱ्यातून निघालेली वायर मग लॅपटॉपमधे जाते. तिथलं लाइव्ह करायचं सॉफ्टवेअर बरेचदा ३० वर ठेवलेलं असतं, कोणी बदलत नाही. २५ चे ३० करायचे तर सेकंदाला ५ फ्रेम कुठून तरी आणायला लागतात. सॉफ्टवेअर काय करतं, तर दर पाच फ्रेमनंतर एक फ्रेम पुन्हा दाखवतं. यूट्यूबला मिळतात ३०, त्यातल्या खऱ्या २५.

तुमच्या मांडवातही असंच झालं असेल असं मला वाटतं. नुसत्या वाटण्यावर जाऊ नका, तपासून घ्या. व्हिडिओ थांबवा आणि कीबोर्डवरचं पूर्णविरामाचं बटण एकेकदा दाबा. प्रत्येक दाबेला एक फ्रेम पुढे जाते, स्वल्पविरामाने मागे. मुलगी वेगात हलत असेल अशी जागा निवडा आणि कागदावर लिहीत जा: हललं, हललं, थांबलं. दर सहावी फ्रेम थांबत असेल तर कॅमेरा २५ चा. दर पाचवी थांबत असेल तर २४ चा. दर दुसरी थांबत असेल तर १५ चाच, मग आशा सोडा.

मोगरा | मंगळवार, सकाळी ७:५०

पडद्यामागचा, हे कोणी कधी सांगितलंच नव्हतं. वाचनखूण साठवली.

कंसातला | मंगळवार, सकाळी ९:१५

यूट्यूब सोडून इतर साइटवर 'स्टॅट्स फॉर नर्ड्स' नसतं, म्हणून पुढे वाचणाऱ्यांसाठी लिहून ठेवतो.

क्रोममधे एफ१२ दाबलं की डेव्हलपर टूल्स उघडतात. तिथे 'मोअर टूल्स'मधे 'मीडिया' नावाचं पॅनेल आहे. व्हिडिओ चालू असताना ते उघडलं की प्लेअरची माहिती दिसते, त्यात फ्रेम रेटही असतो. दुसरा मार्ग नेटवर्क टॅबचा. पान पुन्हा लोड करायचं आणि शोधखिडकीत एमथ्रीयूएट (m3u8) किंवा एमपीडी (mpd) टाकायचं. ही स्ट्रीमची यादी असते, साधी मजकुराची फाइल. एमथ्रीयूएटमधे प्रत्येक क्वालिटीच्या ओळीत फ्रेम-रेट आणि पुढे २५.००० किंवा २९.९७० असं सापडतं. ते लिहिणं बंधनकारक नाही, त्यामुळे काही ठिकाणी नसतं. एमपीडीमधे बरेचदा अपूर्णांक असतो, उदाहरणार्थ ३०००० भागिले १००१.

तेही नसेल तर मोजायचं. ब्राउझरमधल्या व्हिडिओला आतापर्यंत एकूण किती फ्रेम झाल्या हे कन्सोलमधून विचारता येतं. एकदा आकडा घ्या, बरोबर १० सेकंदांनी पुन्हा घ्या, फरकाला १० ने भागा. मी तीन-चारदा करून सरासरी घेतो, कारण हाताने वेळ धरताना थोडं इकडेतिकडे होतं. सोबत गाळलेल्या फ्रेमचा आकडाही मिळतो. तो वाढत असेल तर लॅपटॉपच दमलाय. आधी बाकीचे टॅब बंद करा.

हे सगळे मार्ग स्ट्रीमचा दर सांगतात. पडद्यामागचा म्हणतात तो कॅमेऱ्याचा दर कुठल्याच आकड्यात लिहिलेला नसतो. त्याला पूर्णविरामाचं बटण आणि आपले डोळे, दुसरा इलाज नाही.

सातासमुद्रापार | मंगळवार, सकाळी १०:०२

मी न्यू जर्सीत असतो. इथल्या आमच्या मराठी शाळेच्या कार्यक्रमांचे व्हिडिओ २९.९७ चे असतात आणि मला वर्षानुवर्षं वाटायचं की ३० आणि २९.९७ म्हणजे एकच. तो हजारातला एक भाग का कमी केलाय?

पडद्यामागचा | मंगळवार, सकाळी ११:३०

अमेरिकेत १९५३ साली रंगीत टीव्हीची पद्धत (एनटीएससी) ठरली. आधीचे कृष्णधवल संच निकामी न करता त्याच लहरीत रंगाची माहिती बसवायची होती. रंगाचा सिग्नल आणि आवाजाचा सिग्नल एकमेकांत मिसळून पडद्यावर जाळी दिसू नये म्हणून फ्रेमचा दर १००१ ला १००० या प्रमाणात कमी केला. ३० चे २९.९७ झाले. अमेरिकन टीव्हीच्या वाटेने जाणारे सिनेमेही त्यामुळेच २४ ऐवजी २३.९७६ असतात. यूट्यूबची चौकट हे आकडे पूर्णांकात दाखवते, म्हणून @३० म्हणजे २९.९७ असू शकतं आणि @२४ म्हणजे २३.९७६.

तुमच्या कामात फरक एवढाच पडेल: २९.९७ चा व्हिडिओ ३० ला रेकॉर्ड केला तर साधारण ३३ सेकंदांनी एक फ्रेम दोनदा येईल. गणपतीच्या नाचात ते कोणाला दिसणार नाही. ओबीएसच्या यादीत २९.९७ वेगळं दिलेलं आहे, ते निवडलं की झालं. तिथेच '२४ एनटीएससी' लिहिलंय ते खरं म्हणजे २३.९७६.

दोरीवरची | मंगळवार, रात्री ९:१५

मोजलं! अर्धा तास लागला पण मोजलं.

मुलगी गिरकी घेते तिथे थांबवलं. तिच्या वेणीला लाल रिबन आहे, तिच्या टोकावर नजर ठेवली आणि पूर्णविराम दाबत गेले. हललं, हललं, हललं, हललं, हललं, थांबलं. पुन्हा पाच वेळा हललं, सहाव्यांदा टोक जिथल्या तिथे. ६० फ्रेम मोजल्या, १० वेळा थांबलं, प्रत्येक वेळी बरोबर सहावी.

मागे भिंतीवर सेकंद दाखवणारं डिजिटल घड्याळही चित्रात येतंय. एका सेकंदाचा आकडा बदलल्यापासून पुढचा बदलेपर्यंत ३० फ्रेम, त्यातल्या ५ थांबलेल्या. म्हणजे खऱ्या २५. पडद्यामागचा, तुमचं अगदी बरोबर निघालं.

आता ओबीएस २५ वर ठेवून रेकॉर्ड करू का?

कंसातला | मंगळवार, रात्री ९:५०

थांबा, २५ वर नको. स्ट्रीममधे फ्रेम येतायत ३० च्या लयीत आणि तुम्ही टिपणार २५ च्या लयीत. दर सेकंदाला ५ फ्रेम सुटणार. नेमक्या थांबलेल्याच सुटतील याची काहीच खात्री नाही, खऱ्या सुटतील आणि थांबलेल्या राहतील.

३० ला ३० ठेवूनही तुमचा आकडा का बदलत होता ते सांगतो, कारण बहुतेक जण इथेच फसतात. स्क्रीन रेकॉर्डर व्हिडिओतून फ्रेम घेत नाही. तो ठरावीक वेळाने पडद्याकडे बघतो आणि जे दिसेल ते टिपतो. ब्राउझरची लय वेगळी, ओबीएसची वेगळी, दोघांना जोडणारं काही नाही. दोघंही सेकंदाला ३० म्हणत असले तरी ओबीएस फ्रेम बदलायच्या अगदी काठावर बघत असेल तर एकदा जुनी फ्रेम दोनदा टिपली जाते आणि एकदा एक फ्रेम साफ निसटते. रेकॉर्डिंग नेमकं कुठल्या क्षणी सुरू झालं त्यावर हे ठरतं. म्हणून तीनदा केलं की तीन उत्तरं.

२५ चा निखळ व्हिडिओ ६० हर्ट्झच्या, म्हणजे सेकंदाला ६० वेळा (६० ठोके) उजळणाऱ्या पडद्यावर असेल तर अजून अवघड. ६० ला २५ ने भागलं की २.४ येतात. पडदा काही २.४ वेळा उजळू शकत नाही, म्हणून एक फ्रेम २ ठोके, दुसरी ३ ठोके असं चालतं. एक फ्रेम ३३ मिलिसेकंद दिसते, पुढची ५०, आणि ओबीएस दर ४० ला बघतंय. गणित करून पाहिलं, साधारण एक तृतीयांश वेळा ते चुकीच्या काठावर सापडतं.

खडूफळा | मंगळवार, रात्री १०:१०

मग ६० वर रेकॉर्ड करायचं ना?

कंसातला | मंगळवार, रात्री १०:४०

हो, सर्वसाधारण उत्तर तेच: पडद्याचा जो दर असेल त्यावर रेकॉर्ड करा. प्रत्येक फ्रेम किमान दोनदा येते, त्यामुळे एक काठावर गेली तरी दुसरी हाताशी असते. फाइल मोठी होते, पण काही हरवत नाही. नंतर जादाच्या काढून टाकता येतात. एडिटिंगमधे आधीच हरवलेली फ्रेम परत आणायचा मार्ग नाही, म्हणून रेकॉर्ड करताना जास्तच घ्या.

निखळ २५ चं स्ट्रीम असेल आणि मॉनिटर किंवा टीव्हीला ५० हर्ट्झ चालत असेल तर डिस्प्ले सेटिंगमधे तो ५० करा. प्रत्येक फ्रेम बरोबर २ ठोके दिसते. ७५ हर्ट्झचा मॉनिटर असेल तर ३ ठोके. गेमिंगचे १२० वाले मॉनिटर २४ आणि ३० ला छान जुळतात, पण २५ ला नाही.

पण ताईंच्या कामाला मला याहून चांगली वाट दिसतेय. ताई, तुम्हाला आवाज हवाय का?

दोरीवरची | मंगळवार, रात्री १०:४४

आवाज अजिबात नको. मागे लाउडस्पीकरच आहे नुसता.

कंसातला | मंगळवार, रात्री ११:०५

मग काम सोपं झालं. यूट्यूबचा वेग ०.५ करा.

निम्म्या वेगाने ३० फ्रेमचं स्ट्रीम सेकंदाला १५ फ्रेम दाखवतं. लॅपटॉपचा पडदा ६० चा, ६० भागिले १५ म्हणजे बरोबर ४ ठोके. प्रत्येक फ्रेम पडद्यावर ६६ मिलिसेकंद स्थिर उभी राहते. ओबीएस ३० वर ठेवा, ते दर ३३ ला बघेल, म्हणजे प्रत्येक फ्रेम दोनदा टिपली जाणार. ६० वर ठेवलंत तर चारदा. एकही निसटायला वाव नाही.

मिळालेल्या रेकॉर्डिंगमधे खऱ्या एका सेकंदाच्या ६० फ्रेम असतील, त्यातल्या एकमेकींपासून वेगळ्या २५. तुम्हाला वेळच मोजायचाय, तर फक्त वेगळ्या फ्रेम मोजा आणि ४० मिलिसेकंदांनी गुणा. थांबलेल्या किती, दोनदा किती, विसरून जा.

मोजायला व्हीएलसी वापरा, त्यात ई दाबलं की एक फ्रेम पुढे जाते. आणि रेकॉर्ड करताना 'स्टॅट्स फॉर नर्ड्स'ची चौकट उघडी ठेवून 'ड्रॉप्ड'चा आकडा सुरुवातीला आणि शेवटी बघा. ओबीएसलाही स्वतःचं स्टॅट्सचं पॅनेल आहे, तिथे चुकलेल्या फ्रेम दिसतात. दोन्हीकडे वाढ शून्य असेल तरच ते रेकॉर्डिंग धरा.

रानवारा | बुधवार, दुपारी १:२०

माझाही असाच प्रश्न आहे. आमच्या गावच्या दशावताराचा प्रयोग एकाने मोबाइलवरून लाइव्ह केला होता. मंडळाने मला त्यातला युद्धाचा भाग काढून द्यायला सांगितलंय. चौकटीत @३० आहे, पण मोजलं तर कधी तिसरी थांबते, कधी आठवी, काही लयच नाही. कॅमेरा किती फ्रेमचा समजू?

पडद्यामागचा | बुधवार, दुपारी २:४५

मोबाइलला एकच एक दर नसतो हो. उजेड कमी झाला की फोन शटर जास्त वेळ उघडं ठेवतो आणि फ्रेम कमी करतो. रात्रीचा प्रयोग, पेट्रोमॅक्स नाहीतर दोन हॅलोजन, त्यात मांडवाखालचा अंधार. फोन कधी ३० देणार, कधी २०. वर नेट अडखळलं की तिथेही फ्रेम जातात. तुम्ही खरा दर शोधत बसू नका, तो नाहीच. पूर्ण वेगाने, आवाजासकट, ६० वर रेकॉर्ड करा आणि तसंच मंडळाला द्या. २५ किंवा ३० मधे बदलायला गेलात तर आहे त्या धक्क्यांवर नवे धक्के बसतील. नाटकात आवाज आणि ओठ जुळणं जास्त महत्त्वाचं.

रानवारा | बुधवार, दुपारी ३:०५

पटलं. हॅलोजनच होते, दोन. धन्यवाद दादा.

चिंचेचापार | बुधवार, संध्याकाळी ६:३०

एक विचारू का? मला एका ओटीटीवरची मालिका रेकॉर्ड करायची होती, तर रेकॉर्डिंगमधे नुसता काळा चौकोन येतो. फ्रेम रेटमुळे असेल का?

कंसातला | बुधवार, संध्याकाळी ७:१०

नाही, त्याचा फ्रेम रेटशी संबंध नाही. ते कुलूप आहे, चित्र कॉपी होऊ नये म्हणून मुद्दाम लावलेलं. ते कसं उघडायचं हे मी सांगणार नाही आणि या धाग्यावर कोणी सांगू नये अशी विनंती. ताईंनी आणि रानवारा यांनी ज्यांचं चित्रीकरण त्यांना विचारून काम सुरू केलंय. बरेच ओटीटी ॲपमधेच डाउनलोड करून बघायची सोय देतात, ती वापरा.

विनाकुलपाच्या व्हिडिओलाही कधीकधी काळं येतं. तसं झालं तर ब्राउझरच्या सेटिंगमधलं ग्राफिक्स ॲक्सिलरेशन बंद करून बघा, किंवा ओबीएसमधे विंडो कॅप्चरऐवजी डिस्प्ले कॅप्चर घ्या.

दोरीवरची | गुरुवार, रात्री १०:३०

झालं एकदाचं. सविस्तर लिहिते.

०.५ वेगाने, ओबीएस ३० वर, दोन्हीकडच्या गाळलेल्या फ्रेम शून्य. तीन वेळा रेकॉर्ड केलं. तिन्ही वेळा वेगळ्या फ्रेम सारख्याच आल्या: माझ्या मुलीच्या ७, दुसऱ्या मुलीच्या ४. सोमवारपासून पहिल्यांदा एका आकड्यावर विश्वास ठेवावासा वाटला.

७ फ्रेम म्हणजे २८० मिलिसेकंद, ४ म्हणजे १६०. पण आकड्यापेक्षा जे दिसलं ते मोठं आहे. मी इतके दिवस तिला सांगत होते की हात लवकर सोडतेस. फ्रेम एकेक करून बघितल्या तर हात दोघींचा एकाच जागी सुटतो, कंबर दोरीच्या वर आल्यावर. फरक पायात आहे. दुसरी मुलगी हात सोडायच्या आधीच अंगठा आणि शेजारचं बोट उघडून ठेवते, दोरी आली की नुसतं मिटायचं. आमचीची बोटं हात सुटल्यावर उघडायला लागतात. तिसऱ्या फ्रेमला बंद आहेत, चौथ्या फ्रेमला उघडी. मी चुकीची गोष्ट दुरुस्त करायला सांगत होते, पोर बिचारी तेच करत बसली होती.

पडद्यामागचा | गुरुवार, रात्री १०:५०

वाचून अंगावर काटा आला ताई. लाइव्ह करताना ३० च ठेवलंय की २५ हे आम्ही बघतसुद्धा नाही. उद्यापासून बघेन.

कंसातला | गुरुवार, रात्री ११:१५

फार छान वाटलं. एक गोष्ट मात्र मोजणीच्या वहीत लिहून ठेवा. २५ फ्रेमवर दोन फ्रेमच्या मधल्या ४० मिलिसेकंदांत काय झालं ते कॅमेऱ्याने बघितलेलंच नाही. ४ फ्रेम म्हणजे खरा वेळ १२० ते २०० च्या मधे कुठेतरी, ७ म्हणजे २४० ते ३२०. दोन्ही पट्टे एकमेकांवर चढत नाहीत, म्हणजे दोघींमधला फरक पक्का आहे. पण उद्या एकीच्या ५ आणि दुसरीच्या ४ आल्या तर त्यावरून कोणाला काही बोलू नका.

दोरीवरची | गुरुवार, रात्री ११:२८

हे बरं सांगितलंत. ४ आणि ५ वरून मी नक्कीच बोलले असते.

मोगरा | शुक्रवार, सकाळी ८:०५

ताई, मुलीला दाखवलंत का?

दोरीवरची | रविवार, संध्याकाळी ७:४५

काल दाखवलं. लॅपटॉप मॅटवरच ठेवला आणि बटण तिच्याच हातात दिलं. पहिल्यांदा भराभर दाबत गेली, मग परत मागे आली आणि एकेक दाबायला लागली. चौथ्या फ्रेमवर थांबली आणि स्वतःच म्हणाली, "बाई, माझी बोटं झोपलीयेत."

काल दोरीवर चढवलं नाही. खाली बसवून, दोरीचं टोक हातात धरून, नुसतं बोटं उघडायची आणि मिटायची, पन्नास वेळा. आज सकाळी ती सगळ्यांच्या आधी आली होती. मी खाली धरायला उभी राहिले, तिने तो प्रकार दोनदा केला. पहिल्यांदा पकड अर्धी बसली, दुसऱ्यांदा पूर्ण.

पडद्यामागचा दादा, पुढच्या महिन्यात आमच्याच व्यायामशाळेत आंतरशालेय स्पर्धा आहे. चित्रीकरण करणाऱ्याला काय सांगू?

पडद्यामागचा | रविवार, रात्री ९:००

कॅमेरा ५० फ्रेमवर, प्रोग्रेसिव्ह. इंटरलेस्ड नको, त्यात एक चित्र दोन अर्ध्यांत घेतलं जातं आणि वेगात फिरणाऱ्या हाताला कंगव्यासारखे दात दिसतात. शटर १/१००, म्हणजे दिव्यांशीही जुळेल आणि बोटं पुसट होणार नाहीत. उजेड कमी पडला तर १/५०, त्याच्या खाली नाही. लाइव्हचं सॉफ्टवेअरही ५० वर, लॅपटॉप झेपत नसेल तर २५ वर, ३० वर मात्र नको. कॅमेरा दोरीपासून लांब आणि कमरेच्या उंचीवर लावा, वरून घेतलं की पाय झाकले जातात.

आणि कार्ड पुसायच्या आधी दोन ठिकाणी प्रत. ते काम त्याच्यावर सोडू नका, तुम्ही स्वतः पेनड्राइव्ह घेऊन उभ्या राहा.

दोरीवरची | रविवार, रात्री ९:१२

लिहून घेतलं. पेनड्राइव्ह आजच पिशवीत टाकला.